चव्वेचाळीस एकाहत्तर

बफेलोत फेब्रुवारीत गाडी पुसायची
म्हणजे आधी गाडी शोधायची.
मागची काच खरवडली, मग डिकी, मग खाली हात नेला
तर बर्फाखाली नुसता पत्रा.
चार भोकं, आणि बंपरवर एक स्क्रू,
नीट ठेवलेला,
पाहुण्याने जाताना पेला उपडा घालून जावा तसा.

कॅझ म्हणायचा, स्क्रू गंजलेत,
ही पाटी आता देवाच्या बापालाही निघायची नाही.
निघाली रे.

एच के टी चव्वेचाळीस एकाहत्तर.
चव्वेचाळीसचा त्याचा जन्म, एकाहत्तरचं आमचं लग्न.
सरकारी खिडकीतून आपसूक जुळून आलेला नंबर
त्याने मिरवत घरी आणला होता.
लॉटरीचं तिकीटही त्याच आकड्यांचं घ्यायचा.
लागलं कधीच नाही, ते सोडा.

ठाण्यावरचा ऑफिसर मॅकगिलिकडी
माझ्या धाकट्या नातवाएवढा. हनुवटीवर पुटकुळी.
"शेवटची कधी पाहिली होती, मिसेस स्टाखोव्स्की?"
आता काय सांगू.
पाटी कोण बघतं? पाटी असते.
नवऱ्याला शेवटचं नीट कधी पाहिलं
तेही मला तारखेनिशी सांगता येणार नाही.
मंगळवारी, मी म्हटलं.
त्याने मंगळवार लिहिला.
"कुणावर संशय?"
समोरच्या पावलॅकवर आहे, तीस वर्षं,
पण तो शिडीबद्दल.

मग मोटार खात्यात. तिथे आधी रांगेचा नंबर,
बी दोनशे सहा.
खिडकीत योलांडा पेटवे,
नखांवर बर्फाची बारीक फुलं रंगवलेली,
जसा काही बाहेर बर्फ कमीच पडला होता.
पोलिसांचा कागद पाहिला, शिक्का पाहिला,
म्हणाली, पुढची पाटीही द्या.
"पुढची नाही चोरीला गेली."
"म्हणूनच तर द्या."
तोच नंबर परत?
"नाही हो. तो आता चोरीचा."

पावाच्या पिशवीतून काढली.
मागे मी गॅरेजच्या खांबाला ठोकली होती,
तेव्हाचा दुमडलेला कोपरा,
कॅझने स्वयंपाकघराच्या टेबलावर सरळ केलेला,
माझ्याच पिरोगीच्या लाटण्याने.
लाटण्याला पडलेली खोक अजून आहे.
कडेला कुठल्यातरी उन्हाळ्यातले
दोनतीन चिलटांचे पंख.
योलांडाने ती खोक्यात सोडली.
खोक्यात आधीच बऱ्याच होत्या.
आवाज मात्र हिचाच झाला.

नव्या पाटीचा नंबर एल डी व्ही नव्वद सोळा.
नव्वदमध्ये आमच्याकडे काहीच घडलं नव्हतं.
सोळामध्ये घडलं, पण ते मला
गाडीला लावून फिरायचं नाही.

एप्रिलमध्ये टोलची बिलं आली.
एकाच पाकिटात सात.
सिरॅक्यूज. ऑल्बनी. मग नदी धरून खाली खाली,
न्यूयॉर्कचा पूल, पहाटे तीन बारा.
प्रत्येक बिलावर फोटो:
अनोळखी करडी गाडी, एक दिवा फुटका,
आणि तिच्या पाठीवर आमचं लग्न.

समुद्राला पुढच्या वर्षी जाऊ,
असं कॅझ दर वर्षी म्हणायचा.
पोलाद कारखाना बंद पडला तेव्हाही म्हणाला,
गुडघे बदलले तेव्हाही.

पोलिसांच्या कागदाची प्रत जोडून
मी सहा बिलं परत पाठवली: ही मी नव्हे.
सातव्याचे पैसे भरले.
मुलीला सांगितलेलं नाही, ओरडेल.
पुलाचा फोटो फ्रिजवर आहे, कुपनांच्या खाली.

काल दाताच्या डॉक्टरकडे गेले होते.
पार्किंगच्या यंत्राने नंबर विचारला,
बोटांनी आपल्या मनाने दाबला,
नाणी आत गेली, चिठ्ठी बाहेर आली.
एच के टी चव्वेचाळीस एकाहत्तर,
दोन तास, साडेअकरापर्यंत.

परत आले तर वायपरखाली दंडाची पावती,
नव्वद सोळाच्या नावे.
आणि तो, जिथे कुठे उभा असेल तिथे,
साडेअकरापर्यंत
अगदी कायदेशीर.